देवमाशापेक्षा दोर वाईट

प्रश्न असा आहे: एका देवमाशाने धडक देऊन अख्खं जहाज बुडवल्याची गोष्ट वाचली. तेलासाठी देवमाशांची शिकार करणाऱ्या जहाजांवर असं नेहमी व्हायचं का? तिथल्या खलाशांना सगळ्यात मोठा धोका कशाचा होता? आणि एवढा धोका होता, तर माणसं जायचीच का?

आधी माझ्याबद्दल दोन शब्द, म्हणजे मी कुठून बोलतोय ते कळेल. मी डेक कॅडेट म्हणून व्यापारी जहाजावर चढलो आणि बत्तीस वर्षांनी कॅप्टन म्हणून उतरलो. शिकारी जहाजावर मी कधी काम केलेलं नाही. पण अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर जहाज लागलं की सुट्टीत न्यू बेडफर्ड या देवमाशांच्या शिकारीच्या जुन्या बंदरातलं संग्रहालय आणि मिस्टिक बंदरातलं 'चार्ल्स डब्ल्यू. मॉर्गन' हे जुनं शिकारी जहाज बघायला जायचो. तो नाद निवृत्तीनंतर वाढत गेला. त्यामुळे खाली लिहिलंय ते पुस्तकातलं आहे, पण दोर, लाटा आणि माणसं यांच्याबद्दलचं मत माझं स्वतःचं आहे.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर सरळ आहे. नाही, नेहमी नाही व्हायचं. अमेरिकेच्या नँटकेट बेटाचं 'एसेक्स' २० नोव्हेंबर १८२० ला बुडालं आणि न्यू बेडफर्डचं 'अॅन अलेक्झांडर' १८५१ मध्ये. १८४६ च्या सुमारास एकट्या अमेरिकेची सातशेहून जास्त शिकारी जहाजं समुद्रात होती. त्या मानाने धडक देऊन जहाज बुडवल्याच्या खात्रीच्या नोंदी बोटांवर मोजण्याएवढ्या. देवमासा जहाजाच्या वाटेला फारसा जात नसे. माणसं मरायची ती जहाजावरून खाली सोडलेल्या छोट्या होडीत.

ही होडी डोळ्यांसमोर आणा. लांबी २८ ते ३० फूट, दोन्ही टोकं निमुळती, अंगाला सीडरची जेमतेम अर्धा इंच जाडीची फळी. एवढी हलकी, कारण ती पटकन वळली पाहिजे. आत सहा माणसं. मागे सुकाणूवर अधिकारी, सगळ्यात पुढच्या वल्ह्यावर हार्पून (दोर बांधलेला काटेरी भाला) मारणारा, मध्ये चार वल्हेकरी. वल्हेकऱ्यांचं तोंड मागे, म्हणजे ज्याच्यावर चालून जायचं तो ४०-५० टनांचा स्पर्म व्हेल जातीचा देवमासा त्यांच्या पाठीमागे. मान वळवून बघायची बंदी. नवशिक्या पोराने वळून बघितलं आणि वल्हं चुकलं की सगळी होडी गेली.

लोकांचा एक समज असतो की हार्पून लागला की मासा मेला. हार्पून म्हणजे नुसता गळ. तो माशाला होडीशी बांधतो, मारत नाही. १८४८ मध्ये लुईस टेंपल नावाच्या न्यू बेडफर्डच्या कृष्णवर्णीय लोहाराने असा हार्पून केला की त्याचं टोक मांसात शिरलं की आडवं फिरायचं आणि निसटायचं नाही. शिकाऱ्यांचं उत्पन्न त्याने वाढवलं. आणि माझ्या मते धोकाही वाढवला, कारण आता मासा सहजासहजी सुटत नसे.

तर मासा आणि होडी यांच्यामध्ये दोर. मला सगळ्यात जास्त सांगायचंय ते या दोराबद्दल.

होडीत टबांमध्ये साधारण ३०० वाव दोर वेटोळं करून ठेवलेला असे. म्हणजे १८०० फूट. हे वेटोळं घालायला अर्धा दिवस लागायचा, कारण एक पीळ, एक आढी उलटी राहिली तर ती कुणाचा तरी हात घेऊन जाणार. टबातून दोर आधी मागे जायचा. तिथे एक जाड लाकडी खुंट असे, त्याला दोन-तीन वेढे द्यायचे. खुंटावरून तो परत फिरून होडीच्या मधून पुढे यायचा, वल्हेकऱ्यांच्या वल्ह्यांवरून, त्यांच्या मनगटांना लागून, आणि नाळेच्या, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकाच्या, खाचेतून बाहेर पडून हार्पूनला. आता कल्पना करा. हार्पून बसला, मासा खाली सूर मारतोय आणि सहा माणसांच्या मधून तो दोर सुटलाय. खुंटावर एवढं घर्षण की धूर निघायचा. एकाने सतत पाणी मारत राहायचं, नाहीतर दोर जळायचा. शेजारी कुऱ्हाड तयार. दोर अडकला, तर तोडायला क्षणभराचा वेळ. नाही जमलं तर होडीची नाळ पाण्याखाली.

मी कॅडेट असताना आमचा सारंग, म्हणजे खलाशांचा मुकादम, मालवणकडचा होता. पहिल्याच बंदरात जहाज बांधताना मी दोराच्या वेटोळ्यात उभा राहिलो. तो वरून ओरडला, "पाय काढ रे थंयसून!" आणि जवळ येऊन त्याने मला दंडाला धरून अक्षरशः उचलून बाजूला ठेवलं. दुसऱ्या दिवशी त्याच जागी ताण येऊन दोर तुटला आणि लोखंडी कठड्याला असा फटका बसला की रंग उडून पोचा पडला. आमचा दोर एका जागी बांधलेला, तरी ही अवस्था. त्यांचा दोर एका जिवंत जनावराच्या मर्जीने सुटायचा आणि तो मांडीला मांडी लावून बसल्यासारखा शेजारी.

न्यू बेडफर्डमध्ये 'सीमेन्स बेथेल' नावाचं खलाशांचं प्रार्थनागृह आहे, १८३२ पासूनचं. भिंतींवर संगमरवरी पाट्या आहेत. थडगी नाहीत, कारण पुरायला काही हाती लागलंच नाही. त्यातली एक नँटकेटच्या 'ख्रिस्तोफर मिचेल'वरचा कॅप्टन विल्यम स्वेन याची. १९ मे १८४४ ला हार्पून लागल्यावर दोराने त्याला होडीतून ओढून नेलं आणि तो बुडाला, असं तिथे कोरलंय. पन्नाशीच्या उंबरठ्यावरचा माणूस आणि कॅप्टन. म्हणजे नवशिकाच चुकतो असं नव्हे. दोराला हुद्दा कळत नाही.

दोर नीट सुटला तर पुढचा भाग. मासा पाण्यावरून पळू लागला की होडी त्याच्यामागे फरफटत जाते. अमेरिकन खलाशी त्याला 'नँटकेटची घसरगाडी' म्हणत. नाव मजेशीर, पण लाटांवरून आपटत मूळ जहाज नजरेआड होईपर्यंत ही घसरगाडी चालायची. धुकं पडलं किंवा अंधार झाला की होडी हरवायची. काही परत सापडल्याच नाहीत. मासा दमला की दोर ओढून जवळ जायचं. मग हार्पून मारणारा आणि अधिकारी हलत्या होडीत जागा बदलत (ही प्रथा मला कधीच पटली नाही, एवढ्या ऐन वेळी उठून इकडून तिकडे जायचं!) आणि अधिकारी लांब भाला घेऊन फुप्फुसात भोसकायचा. नाकपुडीतून रक्ताचा फवारा उडाला की काम झालं असं समजायचं. पण मरायच्या आधी तो गोल गोल फिरत शेपटी आपटायचा. अनेक होड्या फुटल्या त्या या शेपटीने.

आणि एवढं करून मासा मेला की त्याला वल्हवत जहाजापर्यंत आणायचा. ताशी एक मैल गेलं तरी नशीब.

'एसेक्स'बद्दल मला एक गोष्ट वेगळी मांडावीशी वाटते. जहाज बुडालं तेव्हा वीसच्या वीस माणसं जिवंत होती. जी मेली ती नंतर, तीन होड्यांमध्ये, पुढच्या तीन महिन्यांत. विषुववृत्ताच्या जरा दक्षिणेला, पॅसिफिकच्या मध्यावर असताना कॅप्टन जॉर्ज पोलार्डच्या मनात वाऱ्याच्या दिशेने पश्चिमेकडच्या बेटांवर जायचं होतं. अधिकाऱ्यांनी मोडता घातला. तिथले लोक माणसं खातात, ही ऐकीव भीती. तो ऐकत गेला आणि त्यांनी दक्षिण अमेरिकेची वाट धरली, तीही वाऱ्याच्या उलट, आधी दक्षिणेला खूप खाली जाऊन. खाऱ्या पाण्याने भिजलेला बिस्किटाचा पाव, मोजकं पाणी. तिघे हेंडरसन बेटावर राहिले. बाकीच्यांपैकी फेब्रुवारी १८२१ मध्ये दोन होड्यांतून पाच जण वाचले. माणसं खाणाऱ्यांच्या भीतीने निघालेल्यांनी शेवटी आपल्याच मेलेल्या सोबत्यांचं मांस खाल्लं, आणि पोलार्डच्या होडीत चिठ्ठ्या टाकून त्याचाच तरुण नातलग ओवेन कॉफिन याला मारलं. एकूण आठ जण जगले. ही घटना मी तरुण अधिकाऱ्यांना शिकवताना नेहमी घेत असे. कॅप्टनचा अंदाज बरोबर होता. बुडवलं त्यांना त्याच्या भिडेने. पोलार्डला पुढे आणखी एक जहाज मिळालं, तेही १८२३ मध्ये हवाईच्या बाजूच्या खडकांवर फुटलं. मग म्हातारपणी तो नँटकेटमध्ये रात्रीचा पहारेकरी होता.

आता मासा जहाजाला बांधला गेलाय असं समजू. इथे धोका संपत नाही, बदलतो. जहाजाच्या अंगाला फळ्यांचा अरुंद मचाण टांगून त्यावर उभं राहून लांब दांड्याच्या धारदार फावड्यांनी चरबीचे पट्टे कापायचे. खाली पाण्यात शार्क मांसावर तुटून पडलेले. जहाज डोलतंय. एकेक पट्टा टनाच्या घरातला, तो कप्पीने वर उचलला की लंबकासारखा इकडून तिकडे झुलतो. समोर माणूस आला तर चेंगरला. खालच्या खोलीत तेलाने बुळबुळीत झालेल्या फळ्यांवर अनवाणी उभं राहून तेच पट्टे तुकडे करायचे. या खोलीत काम केलेल्यांच्या पायांची बोटं कमी असायची असं म्हणतात. खोटं वाटत नाही.

मग चरबी वितळवून तेल काढायची भट्टी. लाकडी जहाजाच्या डेकवर विटांची भट्टी, त्यावर दोन मोठ्या लोखंडी कढया, खाली पाण्याचा हौद म्हणजे डेकने पेट घेऊ नये. सुरुवातीला लाकूड, नंतर चरबी वितळून उरलेला चोथाच जळण म्हणून. चोवीस तास, दोन-तीन दिवस, पाळ्या बदलत. काळा धूर, जळक्या चरबीचा वास, लाट आली की उकळतं तेल सांडणार. ज्यांनी कोकणात घाण्यावर खोबरेल निघताना बघितलंय त्यांनी त्या वासाची कल्पना करू नये. तो गोड वास असतो.

हे सगळं वाचून तुम्हाला वाटेल, रोजच असं असायचं. तसं नव्हतं, आणि माझ्या दृष्टीने हाच दुसरा मोठा त्रास. तीन-चार वर्षांच्या सफरीत आठवडेच्या आठवडे मासाच दिसायचा नाही. डोलकाठीवर शंभर फुटांवर लोखंडी कड्यात उभं राहून दोन-दोन तास क्षितिज बघायचं. बाकी वेळ डेक घासायचा, दोर शिवायचे, देवमाशाच्या दातावर सुईने नक्षी कोरायची. मी 'मॉर्गन'च्या पुढच्या कोठडीत उतरलो होतो. नाळेतली त्रिकोणी जागा, दोन्ही बाजूंना एकावर एक फळ्यांच्या बिछान्या, मध्ये सरळ उभं राहिलं तर डोकं आपटतं. मी पाच फूट सात इंच आहे. वीसेक माणसांनी त्यात ओले कपडे, तंबाखू, दिव्याचा धूर आणि झुरळं यांच्यासकट वर्षं काढायची. ते जहाज १८४१ मध्ये तयार झालं, ८० वर्षांत ३७ सफरी केल्या. साधारण १०५ फूट लांब. आजच्या कंटेनर जहाजाच्या डेकवर ते उभं केलं तर खेळण्यासारखं दिसेल.

जेवण म्हणजे खारवलेलं गोमांस किंवा डुकराचं मांस, दगडासारखी बिस्किटं आणि काकवी घातलेला चहा-कॉफीसारखा काढा. बिस्किट आधी आपटायचं म्हणजे अळ्या पडतात. ताजं मिळेल तिथे मिळेल ते. गालापागोस बेटांवरून जिवंत कासवं नेत. 'एसेक्स'ने तीनशेच्या आसपास नेली होती. ती महिनोन्‌महिने अन्नपाण्याशिवाय जगतात म्हणून डेकवर आणि तळाला ठेवायची. त्याच जहाजाच्या एका खलाशाने गंमत म्हणून फ्लोरिआना बेटावर आग लावली आणि बेट भाजून निघालं. हे लोक बिचारे होते हे खरं, पण संत नव्हते.

डॉक्टर नसायचा. अमेरिकन जहाजांवर औषधाची पेटी असायची, बाटल्यांवर नंबर, सोबत पुस्तक. कॅप्टनने वाचून नंबर बघून द्यायचं. हाड मोडलं तर बांधायचं तेही त्यानेच. आजही समुद्रावर आम्ही रेडिओवरून डॉक्टरांना विचारतो, पण तेव्हा विचारायला जवळचं जहाज हाच आधार, तेही दिसलं तर.

मारहाण होती, फटके होते. १८५० मध्ये अमेरिकेने व्यापारी जहाजांवर चाबकाचे फटके मारायला बंदी केली, पण भर समुद्रात कायदा म्हणजे कॅप्टन. उलट बाजूही होती. जानेवारी १८२४ मध्ये 'ग्लोब' जहाजावर सॅम्युएल कॉमस्टॉक या तरुणाने कॅप्टन थॉमस वर्थ आणि अधिकाऱ्यांना झोपेत व झटापटीत ठार केलं. पुढे एका बेटावर त्याच्याच माणसांनी त्याला मारलं.

मात्र कॅप्टनांनी एकत्र बसून शहाणपणा केल्याचंही उदाहरण आहे आणि ते लोकांना कमी माहीत असतं. सप्टेंबर १८७१ मध्ये अलास्काच्या उत्तरेला किनारा आणि बर्फ यांच्यामध्ये ३३ जहाजं अडकली. तिथल्या इनुपियात लोकांनी आधीच इशारा दिला होता, पण मासे हाती लागत होते म्हणून कुणी हललं नाही. बर्फाने एकेक जहाज चिरडायला सुरुवात केल्यावर कॅप्टनांनी सह्या करून निर्णय घेतला: जहाजं सोडायची. १४ सप्टेंबरला १,२१९ माणसं, त्यात काही कॅप्टनांच्या बायका आणि मुलंही, होड्यांतून दक्षिणेला निघाली. बर्फाबाहेर सात जहाजं होती. त्यांनी स्वतःचं तेल आणि सामान समुद्रात फेकून या लोकांना जागा केली. एकही माणूस मेला नाही. ३३ पैकी एकच जहाज पुढच्या वर्षी वाचवता आलं. 'एसेक्स'शी तुलना करा: तिथे भीड, इथे बैठक आणि सही. १८७६ मध्ये पुन्हा तिथेच जहाजं अडकली आणि तेव्हा मात्र माणसं गेली.

आता तिसरा प्रश्न, जायचेच का? पैशासाठी, असं म्हणतात. पण पगार नव्हता. 'ले' म्हणजे वाटा मिळायचा. कॅप्टनला साधारण आठवा ते अठरावा हिस्सा, अनुभवी खलाशाला दीडशेच्या आसपास एक, पहिल्यांदा जाणाऱ्या पोराला पावणेदोनशेपासून दोनशेपर्यंत एक. समजा साडेतीन वर्षांत निव्वळ ४०,००० डॉलरचं तेल विकलं गेलं. दोनशेव्या हिश्श्याचे २०० डॉलर. महिन्याला पाच डॉलरसुद्धा नाहीत. त्यातून जाताना अंगावर घातलेले कपडे, बूट, सुरी यांचे पैसे. सफरीत जहाजाच्या पेटाऱ्यातून तंबाखू, शर्ट घेतला तर चढ्या भावाने, वर व्याज. अनेकजण घरी परतले ते मालकाचं देणं डोक्यावर घेऊन, आणि ते फेडायला पुन्हा सफर. आपल्याकडे सावकाराकडे जमीन अडकायची तसं यांचं आयुष्य अडकायचं. म्हणून वाटेत पळून जाणारे इतके. ताहिती, हवाई, मार्केसस, जिथे नांगर पडेल तिथे कमी होणारच. त्यांच्या जागी कॅप्टन तिथलीच माणसं भरायचा. अझोर्स, केप व्हर्ड, हवाईचे लोक. शिवाय अमेरिकेतूनच आलेले गे हेडचे वांपनोग आदिवासी आणि मुक्त झालेले कृष्णवर्णीय. नँटकेटच्या अॅब्सलम बोस्टनने १८२२ मध्ये 'इंडस्ट्री' जहाज नेलं तेव्हा सगळा ताफा कृष्णवर्णीयांचा होता. जिथे जमिनीवर काळ्या माणसाला अधिकारी कुणी करत नव्हतं, तिथे चांगला हार्पून मारणारा गोऱ्या खलाशांच्या वर बसायचा. हेही एक कारण होतं जाण्याचं.

आणि शेतातली पोरं. त्यांना बंदरातले दलाल गाठायचे. समुद्र बघायला मिळेल, बेटं, श्रीमंती. कागदावर सही घ्यायचे. पोरगं सोळा-सतरा वर्षांचं, दोनशेवा हिस्सा हा दीडशेव्यापेक्षा मोठा असं समजणारं. आकडा मोठा ना!

तुम्ही विचारलं नाहीत, पण कुणीतरी नक्की विचारेल: मी गेलो असतो का? अठराव्या वर्षी मला पहिली नोकरी देणाऱ्या एजंटने नऊ महिन्यांचा करार सांगितला होता. सही केली तेव्हा शेवटचं पान मी वाचलंच नाही. घरी आलो चौदा महिन्यांनी. आईने दारात ओळखलं नाही, आधी विचारलं, कोण हवंय. नऊ की चौदा, एवढ्याशा फरकाने तिचं तसं झालं. साडेतीन वर्षांनंतर काय झालं असतं हे मला माहीत नाही, पण सही मी केली असती.